दोन साक्षीदार : शलमोनाच्या मंदिरातले खांब आणि आपल्या दारातले स्तंभ

बीडच्या पूर्वेकडील टेकडीवर खंडोबाचे देऊळ आहे. देवळासमोर दोन दीपमाळा आहेत. दोन्ही अष्टकोनी, सुमारे ७० फूट उंच, जुळ्या बहिणींसारख्या. त्यांच्यावर माणसांची आणि प्राण्यांची शिल्पे होती. आज त्यातली बहुतेक झिजलेली, मोडलेली आहेत. देऊळ कुणी बांधले याबद्दल दोन मते सांगतात. ‘तारीख-ए-बीड’मध्ये सुलतानजी निंबाळकरांचे नाव येते, तर दुसऱ्या परंपरेत महादजी शिंद्यांचे. आमचे गाव लिंबागणेश, बीड तालुक्यातलेच. लहानपणी वडिलांबरोबर बीडला आलो की देवदर्शन व्हायचे. एकदा मी त्यांना विचारले, ‘दादा, या खांबांवर छत नाही, काही नाही. मग हे कशाला बांधले?’ दादा म्हणाले, ‘उभं राहायला. देवाच्या दारात कुणी तरी उभं पाहिजे ना.’

त्या उत्तराने तेव्हा माझे समाधान झाले नाही. पुढे पंचविशीत पंडिता रमाबाईंबद्दल वाचताना कळले की त्यांनी मूळ हिब्रू आणि ग्रीकवरून बायबलचे मराठी भाषांतर केले होते. त्या कुतूहलापोटी मराठी बायबल मिळवले आणि ‘राजे’ या पुस्तकात तसेच दोन खांब मला भेटले. यरुशलेममध्ये शलमोन राजाने बांधलेल्या मंदिराच्या दाराशी ते उभे होते. फरक एवढाच, की त्या खांबांना माणसांसारखी नावे होती. उजवा याखीन, डावा बवाज.

या खांबांचा अर्थ काय, हा प्रश्न तीसेक वर्षे माझ्या मागे आहे. आज जे उत्तर मला पटते ते मांडण्यासाठी हा लेख आहे. त्याआधी एक चूक दुरुस्त करायची आहे, आणि ती माझीच आहे.

आधी खांबांचे वर्णन पाहू. मराठी वाचकाला हे वर्णन परके वाटत नाही, कारण त्यातले माप आपलेच आहे : हात. मंदिर ६० हात लांब, २० हात रुंद, ३० हात उंच. पुढे १० हात खोल ओसरी. ओसरीशी पितळी, म्हणजे खरे तर काशाचे, दोन खांब. प्रत्येक १८ हात उंच आणि १२ हात घेराचा. वर ५ हातांचा कळस, त्यावर कमळासारख्या फुलांची घडण, जाळीकाम, साखळ्या, आणि डाळिंबांच्या ओळी. हे ओतकाम करणारा हीराम हा सोर नगरचा कारागीर. आई इस्राएली, बाप सोरकर. यार्देन नदीच्या सपाट खोऱ्यात, चिकणमातीच्या साच्यांत, मंदिराची तांब्या-काशाची भांडी ओतली गेली असे तो मजकूर सांगतो.

यिर्मयाच्या पुस्तकाच्या शेवटच्या अध्यायात आणखी एक माप आहे : खांब आतून पोकळ होते आणि पत्र्याची जाडी चार बोटे होती. हात साधारण ४५ सेंटिमीटरचा धरला, तर खांबाची उंची ८ मीटरांच्या वर, व्यास पावणेदोन मीटरांच्या आसपास आणि पत्रा सुमारे साडेसात सेंटिमीटर. मी कागदावर हिशेब केला. कळस सोडून एका खांबाचे वजन २७ टनांच्या जवळपास भरते. ही मापे तंतोतंत खरी असतीलच असे नाही. ‘इतिहास’ या पुस्तकात हीच उंची ३५ हात दिली आहे, म्हणजे जवळजवळ दोन्ही खांबांची बेरीज. तरीही एवढे निश्चित, की सांगणाऱ्याला हे खांब शोभेची लहानसहान वस्तू वाटत नव्हते. त्याने त्यांच्यावर बरेच शब्द खर्च केले आहेत.

आता माझी चूक. पंधरा-सोळा वर्षांपूर्वी एका गावच्या व्याख्यानमालेत मी छातीठोकपणे सांगितले होते, की शलमोनाचे दोन खांब म्हणजे आपले ध्वजस्तंभच. पुरावे तीन होते. पहिला, वेरूळचे कैलास लेणे. तिथे नंदीमंडपाच्या दोन बाजूंना एकसंध खडकातून कोरलेले दोन उंच स्तंभ मोकळ्या आभाळाखाली उभे आहेत, छताचा कसलाही भार न घेता. दुसरा, व्यापार. शलमोनाच्या जहाजांनी आणलेल्या मालात मोर असल्याचे सांगतात आणि मोरासाठीचा हिब्रू शब्द काही अभ्यासक तमिळ ‘तोगै’शी जोडतात. तिसरा पुरावा मला स्वतःला सापडला होता, म्हणून तो फार लाडका होता. बवाज या नावाची फोड ‘बो ओझ’ अशी करतात, अर्थ ‘त्याच्यात बळ’. ओझ म्हणजे बळ, आणि आपले ‘ओज’ म्हणजेही बळ! त्या वाक्याला टाळ्या पडल्या.

तिन्ही पुरावे पुढे एकेक करून माझ्याच हातात फुटले. कैलास लेणे राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळातले, म्हणजे इसवी सनाच्या आठव्या शतकातले. शलमोनाचा काळ इसवी सनापूर्वीचे दहावे शतक. मधे सतराशे वर्षे आहेत. नातवाने आजोबाला जन्म दिला असे म्हणण्यासारखेच ते. भारतातले आज उभे असलेले सर्वांत जुने कोरीव दगडी स्तंभ अशोकाच्या काळातले. तेही शलमोनानंतर सातशे वर्षांनी घडले. मोरांच्या शब्दाबद्दल अभ्यासकांत एकमत नाही, आणि ते झाले तरी त्यातून मोरांचा व्यापार सिद्ध होईल, खांबांचा नव्हे. ‘ओज’चे तर हसू आले. हिब्रू ‘ओझ’ हा ‘बलवान असणे’ या अर्थाच्या सेमिटिक धातूपासून झाला. संस्कृत ‘ओजस्’चे सख्खे नातेवाईक इराणच्या अवेस्तन भाषेत आणि लॅटिनमध्ये आहेत, रोमन सम्राट ऑगस्टसचे नाव त्याच कुळातले. दोन शब्द कानाला सारखे लागले, एवढेच.

सारखेपणा म्हणजे नाते नव्हे, हे मला एका शब्दाने नीट शिकवले. याखीन ‘उजवा’ खांब होता, आणि हिब्रूत उजवा म्हणजेच दक्षिणेकडचा. एकच शब्द दोन्हींसाठी. आपल्याकडेही ‘दक्षिण’ म्हणजे उजवा आणि ‘दक्षिण’ म्हणजे ती दिशा. एका भाषेने दुसरीकडून हे उसने घेतलेले नाही. उगवत्या सूर्याकडे तोंड करून जो कुणी उभा राहील, त्याच्या उजव्या हाताला दक्षिणच असते. माणसे एकसारखी उभी राहतात म्हणून शब्द एकसारखे होतात. दारातल्या दोन खांबांचेही तसेच असेल, अशी शंका मला तेव्हा पहिल्यांदा आली. मग ‘हे कुठून आले’ हा प्रश्न मी सोडला आणि ‘हे काय करत होते’ हा धरला.

यरुशलेमच्या टेकडीवर आज मुसलमानांची पवित्र वास्तू आहे. तिथे उत्खनन होत नाही, आणि शलमोनाच्या मंदिराचा एकही दगड खात्रीने हाती आलेला नाही. त्यामुळे शेजारची देवळे पाहावी लागतात. उत्तर सीरियातल्या ऐन दारा इथल्या मंदिराच्या ओसरीत दोन खांबांच्या बैठका सापडल्या. त्या मंदिराच्या उंबऱ्यावर जवळजवळ मीटरभर लांबीची पावले कोरलेली होती, जणू देव स्वतः चालत आत गेला आहे. या मंदिराची २०१८च्या जानेवारीत हवाई हल्ल्यात मोठी नासधूस झाली. तेल तायिनात इथे १९३६मध्ये शिकागो विद्यापीठाच्या मोहिमेला असेच मंदिर मिळाले. त्याच्याही ओसरीत खांब होते आणि एकाची बैठक सिंहजोडीची होती. सायप्रसमधल्या इदालिओनचे मातीचे एक छोटे देऊळ पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात आहे. त्याच्या दाराशी दोन खांब आहेत आणि त्यांच्या माथ्यावर फुले. सोर नगरातल्या देवळात एक सोन्याचा आणि एक पाचूचा असे दोन स्तंभ आपण पाहिल्याचे ग्रीक इतिहासकार हिरोडोटसने लिहून ठेवले आहे. हीराम सोरचाच होता. तेव्हा शलमोनाच्या खांबांचे खरे सोयरे शोधायचे तर ते तिथे, सीरिया आणि फिनिशियाच्या किनाऱ्यावर आहेत.

मग त्यांचा अर्थ? अभ्यासकांनी दिलेली उत्तरे स्थूलमानाने तीन. पहिले, हे खांब ओसरीचे छत पेलत असतील. ऐन दारा आणि तायिनातमधले खांब तसे असण्याचा संभव बराच आहे, त्यामुळे ही शक्यता झटकून टाकता येत नाही. मात्र शलमोनाच्या खांबांच्या वर्णनात तुळईचा उल्लेख नाही. वरच्या टोकाला फुलांची घडण आहे. शिवाय भार पेलणाऱ्या खांबाला कुणी नाव ठेवत नाही. आपल्या माळवदाच्या घरात मधला खांब सगळ्या घराचा भार घेतो, पण त्याचे बारसे होत नाही.

दुसरे उत्तर अग्नीचे. रॉबर्टसन स्मिथ यांनी १८८९मध्ये, आणि वेगळ्या पुराव्यांवरून विल्यम ऑलब्राइट यांनी १९४२मध्ये, असे सुचवले की या खांबांच्या माथ्यावर अग्नी किंवा धूप जळत असावा. कळसाच्या वर्णनात वाडग्यासारख्या आकाराचा शब्द येतो, हा एक आधार. हे वाचले तेव्हा मला आमच्या खंडोबाच्या दीपमाळाच आठवल्या. त्रिपुरी पौर्णिमेला दीपमाळ पेटते तेव्हा ती कशासाठी आहे हे कुणाला विचारावे लागत नाही. पण इथेही तेच कोडे उरते. वाती, तेल, धूप यांचा उल्लेख मजकुरात नाही. नावे मात्र आहेत, आणि दोन्ही नावांत उजेड नाही.

तिसरे उत्तर नावांपासून सुरू होते. याखीन म्हणजे ‘तो स्थिर करील’. बवाज म्हणजे ‘त्याच्यात बळ’. आर. बी. वाय. स्कॉट यांनी १९३९मध्ये अशी कल्पना मांडली, की ही दोन नावे म्हणजे खांबांवरच्या दोन लेखांचे पहिले शब्द असावेत : एकात देव राजाचे सिंहासन स्थिर करील असे वचन, दुसऱ्यात देवाच्या बळावर राजाचा आनंद. आपण अभंग त्याच्या पहिल्या शब्दांवरून ओळखतो, तसे. कॅरल मायर्स यांनी १९८३मध्ये त्याला राजकीय बाजू जोडली. मंदिराच्या आत पुरोहितच जात. सामान्य माणसाला दिसत ते बाहेरचे खांब. देव या घरात राहायला आला आहे आणि त्याचा राजावर हात आहे, हे ते खांब सगळ्यांना सांगत. बवाज हे शलमोनाच्या खापरपणजोबांचेही नाव होते, हेही इथे ध्यानात ठेवण्यासारखे आहे. मोआबातून आलेल्या रूथ नावाच्या विधवेशी लग्न करणारा तो बवाज.

मला हे तिसरे उत्तर जवळचे वाटते, पण त्यात एक प्रश्न सुटत नाही. वचन सांगायला एक खांब पुरला असता. दोन कशाला?

इथे मला आपल्याकडच्या दगडांनी मदत केली. कार्ल्याच्या चैत्यासमोर सिंहस्तंभ आहे : सोळा बाजूंचा, माथ्यावर चार सिंह, छताचा भार नसलेला. त्यावरच्या ब्राह्मी लेखात तो स्वतःला सिंहस्तंभ म्हणवतो आणि महारठी अग्निमित्रणकाचे ते दान असल्याचे सांगतो. दुसऱ्या बाजूलाही असाच एक होता असे मानतात. म्हणजे हा बोलणारा खांब आहे. कुणी काय दिले याची तो साक्ष देतो. दुसरा दगड अलिबागजवळच्या आक्षीचा. मराठीतल्या अगदी जुन्या लेखांत त्याची गणना होते. तो गद्धेगाळ आहे, म्हणजे दान मोडणाऱ्याला शिवी-शाप देणारा. त्याच्या माथ्यावर सूर्य आणि चंद्र कोरलेले आहेत. महाराष्ट्रात असे दगड गावोगाव आहेत, आणि माथ्यावरच्या सूर्य-चंद्राचा अर्थ आपण ‘चंद्रसूर्य असेपर्यंत’ असा कालाचा घेतो. तो बरोबरच आहे. पण ते दोघे साक्षीदारही आहेत. एक दिवसा पाहतो, दुसरा रात्री. त्यांच्या नजरेआड करार मोडता येत नाही.

हा धागा घेऊन पुन्हा हिब्रू मजकुराकडे गेलो, आणि तिथे साक्ष देणारे दगड जागोजागी दिसू लागले. याकोब आणि त्याचा सासरा लाबान भांडण मिटवतात तेव्हा दगड उभा करतात, रास रचतात, आणि त्या राशीचे नावच ‘साक्षीची रास’ असे ठेवतात. यहोशवा लोकांकडून शपथ घेतो, मोठा दगड उभारतो आणि म्हणतो की याने सगळे ऐकले आहे. उभ्या दगडाचा हिब्रू शब्द वेगळा आहे, खांबाचा वेगळा; पुढे तर पूजेसाठी दगड उभा करण्याला धर्मशास्त्राने बंदीच केली. मंदिराच्या दारात खांब मात्र राहिले. आणि त्याच धर्मशास्त्राचा दुसरा नियम असा, की एका साक्षीदाराच्या शब्दावर कुठलीही गोष्ट शाबीत होत नाही. किमान दोन लागतात.

हे केवळ माझे जुळवणे ठरले असते, पण ‘राजे’च्या पुस्तकातच दोन प्रसंग आहेत. अथल्या राणीच्या दहशतीत सहा वर्षे लपवून ठेवलेल्या योवाश या सात वर्षांच्या मुलाला मंदिरात राज्याभिषेक होतो, तेव्हा रिवाजाप्रमाणे त्याला खांबापाशी उभे केलेले असते. दोनशे वर्षांनंतर योशीया राजा लोकांना जमवून नियमशास्त्राचे पुस्तक वाचून दाखवतो आणि करार करतो, तेव्हा तोही खांबापाशी उभा राहतो. कुठला खांब ते लिहिलेले नाही. पण मंदिराच्या दाराशी नाव असलेले खांब दोनच होते. खांबासाठी हिब्रू शब्द आहे ‘अम्मूद’, आणि तो ‘उभे राहणे’ या धातूपासून आला. आपला ‘थांबणे’ हा शब्द स्तंभाच्याच कुळातला. राजा जो उभा राहतो, तो उभ्या असलेल्याच्या शेजारी.

माझ्या मते याखीन आणि बवाज हे दोन साक्षीदार होते. देवाने राजाला वचन दिले आणि राजाने देवाला व लोकांना शब्द दिला, हे दोघांनी पाहिले. एकाच्या नावात वचन आहे, दुसऱ्याच्या नावात ते पाळण्याचे बळ. ज्या खांबाला छताचे काम नसते, त्याच्याकडे हे काम सोपवता येते. अग्नीच्या किंवा छताच्या उत्तरांना यामुळे धक्का लागत नाही. साक्षीदाराच्या हातात दिवा असायला हरकत नाही. पण नावे का, दोन का, आणि राजा तिथेच का उभा राहतो, या तिन्हींचे उत्तर मला एवढ्या एकाच गोष्टीत मिळते.

आणि मग ते खांब फुटले. इसवी सनापूर्वी ५८६च्या सुमारास नबुखद्नेस्सरच्या बाबेली फौजेने यरुशलेम घेतले, मंदिर जाळले, खांबांचे तुकडे केले आणि काशाची मोड बाबेलला नेली. ‘स्थिर करील’ असे नाव असलेला खांब भंगारात गेला, राजाचे डोळे काढले गेले. साक्षीदारच नाहीसे झाले, तर वचनाचे काय? हा प्रश्न तेव्हाच्या लोकांना माझ्यापेक्षा किती तरी जास्त टोचला असेल.

त्याचे उत्तर मला यिर्मयाच्या त्या शेवटच्या अध्यायात दिसते. खांब फोडल्याची बातमी देऊन लिहिणारा थांबत नाही. तो मोजायला बसतो. उंची १८ हात, घेर १२ हात, जाडी चार बोटे, आत पोकळ. डाळिंबे बाजूंना ९६, जाळीभोवती एकूण १००. आपत्तीनंतर तलाठी पंचनामा करतो, तसे. वस्तू गेली आहे. निदान किती आणि कशी गेली हे तरी कुणी लिहून ठेवले पाहिजे. खांब फुटल्यावर साक्षीचे काम त्या अनाम लिहिणाऱ्याने स्वतःकडे घेतले. पुढे परतलेल्या लोकांनी इसवी सनापूर्वी ५१५च्या सुमारास दुसरे मंदिर पुरे केले. त्याच्या हकिगतीत याखीन आणि बवाज ही नावे पुन्हा येत नाहीत. त्यांची गरज उरली नव्हती. त्यांचे शब्द कागदावर आले होते.

ही साक्ष मराठीतही चालू राहिली आहे. आपल्या कोकणातले बेने इस्राएल लोक, घाण्याचा धंदा करणारे आणि शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून ‘शनिवार तेली’ म्हटले गेलेले, यरुशलेमचे मंदिर पडल्याचा दिवस उपास करून पाळत आले. त्या दिवसाला त्यांनी मराठी नाव दिले : बिरड्याचा सण. त्या वेळी जेवणात वालाचे बिरडे असे, म्हणून. अडीच हजार वर्षांपूर्वीच्या काशाच्या खांबांची आठवण अलिबागच्या बाजूला मोड आलेल्या वालांच्या आमटीत टिकली. आक्षीचा सूर्य-चंद्राचा दगड तिथून फार दूर नाही.

मागच्या वर्षी मी खंडोबाच्या टेकडीवर वही आणि टेप घेऊन गेलो. दीपमाळांची जी शिल्पे अजून ओळखू येतात ती बाजूवार लिहून काढली : कुठल्या कोनावर काय आहे, किती झिजले आहे, कुठे नुसती जागा उरली आहे. हे काम मला आधीच करायला हवे होते. व्याख्यानात टाळ्या घेण्याऐवजी त्या पंधरा-सोळा वर्षांत मी मोजत बसलो असतो, तर आज गेलेली काही शिल्पे निदान वहीत असती. यादी अजून पुरी झालेली नाही. उत्तरेकडच्या दोन बाजू राहिल्या आहेत. दिवाळीनंतर, ऊन जरा कलले की, पुन्हा जाणार आहे.